आठाच्या पुढची मंगलाष्टकं

आठवं मंगलाष्टक संपलं आणि मी माईक सोडला नाही.

आठ झाली की गाणाऱ्याने बाजूला व्हायचं, भटजींनी ‘तदेव लग्नं’ म्हणायचं, अंतरपाट ओढायचा, वाजंत्र्यांनी ताशा बडवायचा आणि मंडळींनी पानावर पळायचं, हा आमच्याकडचा शिरस्ता. अनंतभटांनी त्यासाठी छातीभर श्वाससुद्धा भरून घेतला होता. तो त्यांना तसाच आत ठेवावा लागला.

“त्र्यंबका, झाली ना आठ?” हातातलं अंतरपाटाचं टोक सावरत ते पुटपुटले.

“अजून एक आहे.”

“छापलीयस तर आठच.”

“नववं ताजं आहे.”

हे बोलणं माईकातून निघालं आणि लिंबाच्या झाडावर बांधलेल्या दोन कर्ण्यांतून सगळ्या बाजारपेठेत गेलं. आमच्या इब्राहिमचे कर्णे तसेच होते. त्यांच्यापुढे मुंगी शिंकली तर नदीपलीकडचा धोबी ‘शतायुषी हो’ म्हणत असे.

लग्न होतं छापखानेवाल्या आबांच्या वत्सलाचं. नवरा हुबळीचा, रेल्वेतला, नाव मधुसूदन. मी आबांच्या छापखान्यात खिळे जुळवणारा. शिवाय पंचक्रोशीतल्या लग्नांची मंगलाष्टकं रचायची, गुलाबी कागदावर छापायची आणि लग्नात खड्या आवाजात म्हणायची, हा माझा जोडधंदा. अंतरपाटाच्या एका बाजूला वत्सला उभी होती. दुसऱ्या बाजूला जो उभा होता तो मी नव्हतो. एवढंच माझं दुखणं होतं.

तो त्या मोसमातला शेवटचा मुहूर्त. लग्नपत्रिकेचे खिळे मीच जुळवले होते, त्यामुळे हे मला पाठ होतं. हा हुकला की मध्ये चातुर्मास, मग थेट दिवाळीनंतर. माझा काही मोठा कट होता असं समजू नका. मला वत्सलाला एक गोष्ट विचारायची होती. ती चार वर्षांत विचारून झाली नव्हती, पण दिवाळीपर्यंत अवधी मिळाला असता तर नक्की विचारली असती. त्यासाठी अनंतभटांच्या घड्याळातला काटा मुहूर्ताच्या पलीकडे जाईपर्यंत तोंड चालू ठेवायचं होतं. तोंडाचं काम मला कधीच जड गेलं नाही.

त्या चार वर्षांत गावातली लग्नं आम्ही दोघांनी मिळूनच लावली म्हणा ना. लग्नघरची माणसं येत, वधूवरांची आणि आईबापांची नावं सांगून जात. मी खिळ्यांच्या पेट्यांपुढे उभा राहून तीन ओळी रचायचो आणि चौथीला अडायचो. वत्सला आतल्या बाकावर प्रुफं वाचत बसलेली असे. मी अडलो की तिकडून चौथी ओळ यायची, चालीसकट, आणि मान वर न करता. मी लहानपणापासून त्या घरात वावरलेला, त्यामुळे ती मला अरेतुरे करायची.

एकदा ती म्हणाली, “त्र्यंबक, सगळ्या गावाची लिहून झाली. आता एखादं या घरचंही लिही की.”

“का, तुझ्या आतेबहिणीचं ठरलं?” मी विचारलं.

तिने प्रुफावर एक खूण केली. “नाही. तिला अवकाश आहे.”

“मग घाई काय?” असं म्हणून मी पुढची ओळ जुळवायला घेतली.

घाई काय ते सहा महिन्यांनी कळलं. आबांनी हुबळीचं स्थळ आणलं आणि या घरचं मंगलाष्टक मला लिहावंच लागलं. त्या वेळी चौथ्या ओळी माझ्या मीच रचल्या. आठही कडव्यांच्या. वाईट झाल्या होत्या.

तर नववं कडवं. ते ताजं आहे असं मी म्हणालो खरं, पण ते अजून जन्मायचं होतं. मी समोर पाहिलं. वत्सलाच्या पाठीशी तिचे मामा उभे होते. शिवरामपंत. सकाळपासून आपल्याला कुणी विचारत नाही म्हणून तोंड फुगवलेलं, पण डोक्याला नवाकोरा फेटा. मी डोळे मिटले आणि सूर लावला:

“मामा हे शिवरामपंत सजले बांधून फेटा नवा...”

शिवरामपंत असे फुलले की फेट्याचा एक वेढा आपोआप सुटला. सावधान झालं, अक्षता पडल्या, अनंतभटांनी पुन्हा श्वास भरला. मी आता दहावं कशावर म्हणायचं या विवंचनेत होतो, तेवढ्यात देव धावून आला. तो नवऱ्याच्या काकांच्या रूपाने आला. बळवंतराव, हुबळीचे लाकडाचे व्यापारी. मिश्या अशा की दोन्ही टोकांवर एकेक लिंबू ठेवावं आणि ते पडू नये.

“आमच्याकडची माणसं काय लग्नाला आलेली नाहीत?” बळवंतराव म्हणाले.

आबा हात जोडत पुढे आले. “अहो, असं कसं म्हणता काकासाहेब?”

“मुलीच्या मामाचं नाव गावभर दुमदुमलं. मुलाच्या काकाने काय घोडं मारलंय?”

आबा लगबगीने माझ्याकडे वळले. “त्र्यंबक, काकासाहेबांचं घे बाबा. एकच घे, आणि लवकर घे.”

मालकाचा हुकूम. आपण मोडणारे कोण?

“काकाही बळवंतराव बसले ताणून छाती पुढे...”

बळवंतराव खरं तर उभे होते. कडवं खोटं पडू नये म्हणून त्यांनी तिथल्या तिथे खुर्ची मागवली आणि ती येईपर्यंत अधांतरी बसून राहिले.

यावर आबांच्या बहिणीचा, यमुनाआत्यांचा आवाज बायकांच्या बाजूने आला. “पुरुषांचीच लग्नं लागतात वाटतं. आम्ही आपल्या रात्रंदिवस पापड लाटायला.”

“आत्या, तुमचं घेतोच,” मी म्हणालो.

“माझं नको हो मेलं. पण नथ नवी आहे, एवढं सांगते.”

“आत्या या यमुना, नवीन नथ ती नाकात झोके जिच्या...”

झालं. मुलीकडच्या दोघांची नावं आली आणि मुलाकडच्या एकाचंच, हे बळवंतरावांनी बोटावर मोजलं. त्यांचे मेहुणे पुढे आले. मेहुण्यांचं झालं म्हणून शिवरामपंतांचे व्याही पुढे आले. माईकपाशी रांग लागली. जो तो माझ्या कानाशी लागून आपलं नाव, हुद्दा आणि अंगावरची नवी वस्तू सांगून जाई. एकाने सांगितलं, “माझं नाव नाही आलं तरी चालेल, पण मी पुण्याहून आलोय हे आलं पाहिजे.” एकजण म्हणाला, “यांच्या आधी माझं घ्या, मग पुढे शंभर वर्षं यांचं घेत बसा.”

“अहो, मुहूर्त,” अनंतभट म्हणाले. त्यांचे हात अंतरपाट धरून धरून भरून आले होते. दुसरं टोक हुबळीकडच्या भटजींच्या हातात. ते ताडमाड, हे ठेंगू, त्यामुळे अंतरपाट उतरणीला लागला होता.

“मुहूर्त कुठे पळून जातोय?” बळवंतराव खुर्चीवरून म्हणाले. “आमचे साडू राहिलेत.”

अंतरपाट तिरका असल्यामुळे त्याच्यावरून नवऱ्याचं कपाळ आणि एक डोळा दिसत होता. त्या डोळ्यात राग नव्हता, हेच मला खुपत होतं. मध्येच तो डोळा माझ्याकडे वळला आणि म्हणाला, म्हणजे मधुसूदन म्हणाला, “मी जरा पाटावर बसून घेऊ का? तुमचं चालू द्या. झकास चाललंय.”

वत्सलाची मान खाली होती. मुंडावळ्यांमुळे चेहरा दिसेना. दिसत होता तो हिरव्या शालूखालून बाहेर आलेला तिच्या पायाचा अंगठा. नवव्या कडव्यापासून तो पाटावर टक टक वाजत होता. छापखान्यात कडवं म्हणून बघताना ती असाच ताल धरायची. मला फार बरं वाटलं. म्हटलं, चाल तरी जमलीय.

पंधरा-सोळा कडव्यांनंतर अक्षता संपल्या. दर सावधानाला मूठ मूठ उधळायची म्हटल्यावर दुसरं काय होणार? आचाऱ्याकडे माणूस धाडला. मसालेभाताचे तांदूळ धुऊन निथळत ठेवले होते, त्यांतलेच कुंकू लावून आणले. ते ओले होते. लोकांच्या मुठीत इतका वेळ राहिले की, खोटं बोलत असेन तर जीभ झडो, वाण्याच्या बापूच्या मुठीत एका दाण्याला कोंब फुटला. त्याने तो मला दाखवला आणि म्हणाला, “लग्न लागेपर्यंत कापणीला येईल.”

तेवढ्यात मांडवाच्या तोंडाशी एक गृहस्थ धापा टाकत आले. सदऱ्यावर हळद, कपाळाला गंध, हातात नारळ.

“इथलं लग्न कधी लागणार?” त्यांनी विचारलं.

“तुम्ही कोण?” आबा म्हणाले.

“मागच्या आळीतले. आमच्याही मुलीचं याच मुहूर्तावर आहे.”

“मग लावा की.”

“लावतो कसलं? आमच्या भटजींचा घसा बसलाय. म्हटलं तुमचा कर्णा ऐकू येतोच आहे, तुमचं ‘तदेव लग्नं’ झालं की आपलाही अंतरपाट ओढू. आता तुमचं संपेना आणि आमचं लागेना. नवरी दोनदा मटकन खाली बसली. नवरा विचारतोय, परत जाऊ का.”

आबांनी कपाळाला हात लावला. अनंतभट म्हणाले, “ऐक त्र्यंबका, दोन घरं ताटकळलीयत. आता तरी आवर.”

मी आवरलंही असतं कदाचित. पण ते गृहस्थ घाम पुसत माझ्याजवळ आले आणि हळूच म्हणाले, “आता इतकं म्हणताच आहात, तर आमच्या वडिलांचं एक होईल का? म्हातारा तिकडे कान लावून बसलाय. नाव महादबा.”

महादबांचं झालं. मागच्या आळीतून टाळ्या ऐकू आल्या.

इब्राहिम माझा लहानपणचा दोस्त. मांडवात मी काय करतोय हे ओळखणारा तो एकटा. पेटीवरची बटणं फिरवत तो माझ्या पायाशी बसला होता. “त्र्यंबक,” तो कुजबुजला, “ब्याटरी उतरायला लागलीय. अजून किती ओढणार?”

“मुहूर्त टळेपर्यंत.”

“आणि मग?”

“मग दिवाळी आहे.”

“दिवाळीत काय करणार?”

“विचारीन तिला.”

इब्राहिमने माझ्याकडे असं पाहिलं, जसं बंद पडलेल्या पंख्याकडे पाहतात. “ती हितं चार हातांवर उभी हाय. माईक तुझ्या तोंडाशी हाय.”

“सगळ्यांसमोर?”

“तर काय दिवाळीला मुकी होणारेत का माणसं?”

ते मला पटलं नाही असं नाही. मी वत्सलाकडे पाहिलं. अंगठा वाजत होता. मी घसा साफ केला, माईक जवळ ओढला, तोंड उघडलं. आणि तोंडातून निघालं:

“इब्राहीम उभा धरून बघ हा कर्णा ध्वनीचा करी...”

इब्राहिम बसलेला होता आणि कर्णा झाडावर होता. पण झाड वृत्तात बसेना. इब्राहिमने डोळे मिटून घेतले. आज तो असता तर या सगळ्याची साक्ष त्यानेच दिली असती, आणि वर माझी टिंगलही केली असती.

आता मात्र माणसं संपली. रांग ओसरली. ज्याचं त्याचं नाव घेऊन झालं होतं आणि पोटात कावळे कोकलायला लागल्यावर तीच माणसं म्हणू लागली, “पुरे हो आता, काय चाललंय?” बळवंतराव म्हणाले, “मुहूर्ताची काही चाड आहे की नाही?” अनंतभटांनी मोकळ्या हाताने कमरेचं घड्याळ काढून माझ्यापुढे नाचवलं. काटा मुहूर्ताच्या इतका काठाशी आला होता की एक कडवं, फार तर दीड. बस. दिवाळी मला दिसायला लागली, आकाशकंदिलासकट. मी इकडे तिकडे बघितलं. मांडवाच्या मागे आबांचा गोठा.

“गोठ्याशी बसल्या निवांत म्हशिही दावी गळ्याला नवी...”

पोरं खिदळली. यमुनाआत्या म्हणाल्या, “अगं बाई, माझ्या नथीनंतर म्हशी?” शिवरामपंतांनी फेट्याला हात लावून पाहिला, आपण नक्की कोणत्या पंगतीत बसलो ते तपासावं तसा.

आणि वत्सलाचा अंगठा थांबला.

मी ते पाहिलं, पण त्याचा अर्थ लावायला वेळ नव्हता. म्हशींच्या दुसऱ्या ओळीत मी त्यांची नावं घातली, तिसरीत त्यांचं दूध घातलं. मग तिसऱ्या ओळीचं शेवटचं अक्षर धरून मी ते ताणायला घेतलं. चौथी ओळ सुरू केली की संपणार. ती सुरूच करायची नाही. आवाज वर नेला, खाली आणला, वळवला. श्वास फुटायची वेळ आली. अनंतभट घड्याळाकडे बघत होते आणि त्यांचे ओठ काहीतरी पुटपुटत होते, बहुधा शिव्या. काटा हलत होता. आणखी एक हेलकावा, की झालं.

त्या हेलकाव्याच्या मधोमध चौथी ओळ आली. माझी नव्हे.

“आता हा पडदा सरो झडकरी, कुर्यात् सदा मंगलम्.”

खाली मान घालून, माईकशिवाय, स्वच्छ आवाजात. नवरीने मंगलाष्टक म्हटल्याचं त्या गावात त्याआधी कुणी ऐकलं नव्हतं, आणि नंतरही नाही. क्षणभर कुणाला कळेना की आवाज आला कुठून. यमुनाआत्यांच्या नथीचा झोका तेवढा हलत होता. मग बळवंतराव म्हणाले, “वा सूनबाई,” आणि अनंतभटांनी आठव्या कडव्यापासून कोंडलेला श्वास सोडला. त्यांनी ‘तदेव लग्नं’ अशा आवेगाने म्हटलं की पुढच्या रांगेतल्या टोप्या उडाल्या. अंतरपाट ओढला गेला. ताशा कडकडला. मागच्या आळीतही ताशा कडकडला. ओले तांदूळ माझ्या डोक्यावर, मानेवर चिकटले. मुहूर्त गाठला गेला होता. दोन्ही लग्नं लागली.

इब्राहिमने बटण बंद केलं. “संपली ब्याटरी,” तो म्हणाला. ती संपली नव्हती.

जेवायला मी मांडवाच्या खांबाला टेकून बसलो. उठून घरी गेलो असतो, पण आबांनी स्वतः हात धरून पानावर बसवलं. “त्र्यंबक, म्हशींपर्यंत गेलास तू, पण हुबळीकर खूश झाले हो,” ते म्हणाले. भोळा माणूस. मसालेभात जरा कमीच पडला होता, कारण त्यातला निम्मा माझ्या सदऱ्याच्या कॉलरमध्ये होता.

नवरा-नवरी आग्रहाचं गोड वाढायला पंगतीत आली. मधुसूदनच्या हातात जिलब्यांचं ताट.

“हां, तुम्हीच ते,” तो म्हणाला. “काय आवाज हो तुमचा. आणि ऐनवेळी रचायचं म्हणजे खायचं काम नाही. आमच्या धाकट्या बहिणीचं मार्गशीर्षात आहे. हुबळीला याल ना?”

“येईन.”

“या नक्की. होणाऱ्या जावईबापूंसाठी मी आधीच एक स्टूल आणून ठेवतो.”

तो मोकळा हसला. माणूस चांगला होता. वाईट असता तर ही गोष्ट मी तुम्हाला जास्त रंगवून सांगितली असती.

समोरच्या पंगतीतून बळवंतरावांनी हाक मारली. “मधू, इकडे ये. या पाहुण्यांना माझं कडवं सबंध पाठ झालंय, ऐक.” मधुसूदनने ताट वत्सलाच्या हातात दिलं आणि तो गेला.

वत्सला वाकली. माझ्या पानात एक जिलबी ठेवली.

“दमला असशील,” ती म्हणाली.

“शेवटची ओळ तू का म्हटलीस?”

“तू म्हणणार नव्हतास म्हणून.”

दुसरी जिलबी.

“मामा आले,” ती म्हणाली. “काका आले. आत्याची नथ आली. मागच्या आळीतले महादबा आले, त्यांना मी कधी बघितलेलंसुद्धा नाही. इब्राहिमभाई आले. मग म्हशी आल्या.”

“त्या आपल्याच आहेत,” मी म्हणालो.

“मी उभी होते, त्र्यंबक. दर कडव्याला वाटायचं, पुढच्यात मी येईन.”

“तुझं नाव तर पहिल्याच कडव्यात आहे. ठळक टायपात.”

“ते वधूचं आहे.”

ती कुजबुजत होती, पण शब्द न् शब्द मोकळा करून सांगत होती, प्रुफातली चूक दाखवावी तसा. “तू नववं सुरू केलंस तेव्हा माझा पाय स्थिर राहीना. म्हटलं, आता हा सगळ्या गावादेखत विचारणार. विचारलं असतंस तर मी पाटावरून उतरून तुझ्या बाजूला आले असते. आबा काय म्हणतील, हुबळीची माणसं काय म्हणतील, सगळ्याचा विचार करून झाला होता माझा. तुझी ती कडवी चालली होती ना, तेवढ्या वेळात.”

“मला वाटलं तू ताल धरलायस.”

“कसला रे ताल?”

“मला फक्त दिवाळीपर्यंत वेळ हवा होता.”

“हो. म्हशी आल्या तेव्हा कळलं मला ते. दिवाळीपर्यंत. मग दिवाळी आली की संक्रांतीपर्यंत. मग आंब्याला मोहोर येईपर्यंत. आणि मी पाटावर उभी.”

पलीकडच्या पंगतीत कुणीतरी मठ्ठा मागत होतं. वाढपी माझ्या पानात भात घालून गेला, मी नको म्हणायच्या आत.

“वत्सला,” मी म्हणालो. “आता विचारू का?”

तिने ताट एका हातातून दुसऱ्या हातात घेतलं. समोर मधुसूदन काकांच्या छातीचं कडवं ऐकत, मान डोलवत उभा होता. तिने तिकडे एकदा पाहिलं, मग माझ्याकडे. इतकं सरळ तिने माझ्याकडे त्याआधी कधी पाहिलं नव्हतं, प्रुफं मध्ये असायची. मुंडावळ्यांची एक लड सुटून तिच्या कानाशी लोंबत होती.

“विचार,” ती म्हणाली.

प्रश्न माझ्या जिभेवर होता. चार वर्षांचा, घोटून घोटून गुळगुळीत झालेला. त्याला ना वृत्त लागत होतं ना चाल.

“जिलबी अजून आहे का?” मी विचारलं.

ती हसली नाही. रागावलीही नाही. तिने ताट तिरपं केलं आणि उरल्यासुरल्या सगळ्या जिलब्या पाकासकट माझ्या पानात ओतल्या.

“सावकाश खा,” ती म्हणाली, आणि पुढच्या पानाकडे गेली.

मी खाल्ल्या. एकही टाकली नाही. मला जिलबी आवडत नाही. लहानपणापासून कधीच आवडली नाही, आणि त्या भरल्या मांडवात हे एकट्या वत्सलाला ठाऊक होतं.